काळ अडवणारा बुरूज: गोदेच्या उगमाशी रचलेल्या कल्पित वास्तूचे नियम काय असावेत?

ब्रह्मगिरीकर (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. काही काळापासून मी एका दीर्घ अद्भुतकथेची जुळवाजुळव करीत आहे. तिच्या केंद्रस्थानी असलेल्या वास्तूविषयी येथील जाणकारांशी मोकळेपणाने बोलावे, म्हणून हा धागा काढत आहे. कथा नाशिक परिसरात घडते, परंतु ते नाशिक कल्पित आहे. त्यात गोदावरी आहे, त्र्यंबकचा डोंगर आहे, त्रिरश्मी लेणी म्हणजेच पांडवलेणी आहेत आणि या सर्वांच्या जोडीला ब्रह्मगिरीच्या माथ्यावर एका राजाने काळावर ताबा मिळवण्यासाठी बांधलेला काळ्या पाषाणाचा सातमजली बुरूज आहे. तो कोणी बांधला हे लोकांना ठाऊक आहे; तो कसा चालतो हे मात्र त्याच्या रखवालदारांनाही पुरते उमगलेले नाही.

काळावर सत्ता चालवणाऱ्या वास्तू अद्भुतकथांमध्ये पुष्कळदा येतात आणि बहुतेक ठिकाणी एखादी कळ फिरवली की गेलेला क्षण परत मिळतो. ज्या शक्तीला मर्यादा नाही तिची वाचकाला भीती वाटत नाही आणि जिची किंमत कोणालाच मोजावी लागत नाही तिच्याविषयी वाचक विचारही करीत नाही, असे माझे स्पष्ट मत आहे. म्हणून या बुरुजाचे नियम मला कथानकाच्या सोयीने ठरवायचे नाहीत. ते तो ज्या जागी उभा आहे त्या जागेतूनच निघाले पाहिजेत. हाच बुरूज दुसऱ्या एखाद्या नदीकाठी उचलून ठेवता आला, तर माझी मांडणी फसली असे मी समजेन.

पहिला नियम मला त्र्यंबकेश्वरातच सापडला. गौतम ऋषींच्या तपश्चर्येमुळे गंगा ब्रह्मगिरीवर प्रकट झाली, पण ती एका जागी ठरेना, पुन्हापुन्हा लुप्त होऊ लागली. तेव्हा गौतमांनी तिला कुशाने वेढून अडवले आणि त्या जागेला कुशावर्त म्हणू लागले, अशी कथा आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. माझ्या राजाने ही कथा ऐकली आणि जे नदीच्या बाबतीत शक्य झाले ते काळाच्या बाबतीत का शक्य होऊ नये, असा प्रश्न त्याला पडला. त्यामुळे बुरूज काळ निर्माण करीत नाही, नष्ट करीत नाही आणि उलटाही फिरवीत नाही. तो काळ फक्त अडवतो आणि सोडतो.

आता मला तीन गोष्टींवर आपली मते हवी आहेत. बुरुजाच्या आत काळ मोजायचा कशाने? राजाला काळ अडवून नेमके काय साधायचे होते? आणि वर जो काळ अडतो, त्याची झळ कोणाला पोहोचते?

घटिकापात्र यांचा प्रतिसाद

पहिल्या प्रश्नाचे उत्तर मी माझ्या टोपणनावातच देऊन ठेवले आहे. तळाशी सूक्ष्म छिद्र असलेले तांब्याचे वाडगे पाण्याने भरलेल्या घंगाळात तरंगत ठेवायचे. छिद्रातून पाणी आत शिरत जाते आणि २४ मिनिटांनी वाडगे बुडते, म्हणजे एक घटिका भरते. अहोरात्रीच्या ६० घटिका, एका घटिकेची ६० पळे आणि एका पळाची ६० विपळे, म्हणजे पळ २४ सेकंदांचे आणि विपळ सेकंदाच्या दोन पंचमांश इतके. लग्नाचा मुहूर्त साधण्यासाठी घटिकापात्र मांडण्याची पद्धत आपल्याकडे अनेक घरांत होती, त्यामुळे मराठी वाचकाला हे यंत्र समजावून सांगण्याची गरज पडणार नाही.

येथे तुमच्या कथेला उपयोगी पडेल असा एक भौतिक तपशील आहे. पाणी थंड झाले की त्याचा दाटपणा वाढतो आणि सूक्ष्म छिद्रातून ते हळू शिरते. निफाडचा पारा हिवाळ्यात किती उतरतो हे नाशिककरांना सांगायला नको. ब्रह्मगिरीच्या माथ्यावर पौष महिन्यातल्या पहाटे तेच पात्र उन्हाळ्यापेक्षा उशिरा बुडेल. रखवालदार जर पात्रालाच प्रमाण मानत असतील, तर त्यांच्या लेखी थंडीतील घटिका लांब असते आणि त्या लांबलेल्या घटिकांमध्ये साठलेला जादा काळ ते नकळत बुरुजात जमा करीत राहतात. ही गफलत आहे, हे त्यांच्यापैकी एखाद्यालाच कळलेले असेल आणि त्याने ते ओठांवर आणलेले नसेल.

चीनमध्ये अकराव्या शतकाच्या अखेरीस सू सोंग या विद्वान अधिकाऱ्याने काइफेंग येथे पाणचक्कीवर चालणारा घड्याळाचा मोठा मनोरा उभारला होता. ११२७ मध्ये राजधानी पडल्यावर जेत्यांनी तो सुटा करून आपल्या राजधानीत नेला, पण तेथे तो पूर्वीसारखा चालला नाही. बुरूज जागेला बांधलेला असावा हा तुमचा आग्रह मला म्हणूनच पटतो: यंत्र नेता येते, त्याला सांभाळणाऱ्या हातांची सवय आणि तेथले पाणी नेता येत नाही.

त्रिरश्मी यांचा प्रतिसाद

राजाला काय साधायचे होते, या प्रश्नासाठी तुम्हाला नाशिकबाहेर पाहण्याची गरजच नाही. पांडवलेण्यांमधील शिलालेख वाचताना मला नेहमी जाणवते की त्या काळी वर्ष हे राजाच्या मालकीचे होते. क्षहरात घराण्यातील क्षत्रप, म्हणजे शक सत्ताधीश, नहपानाचा जावई उषवदात याच्या लेखांत ४१, ४२ आणि ४५ ही वर्षे येतात. सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीच्या लेखात त्याच्या राज्याचे १८ वे वर्ष येते. आणि त्याची आई गौतमी बलश्री हिचा सुप्रसिद्ध लेख तिचा नातू वासिष्ठीपुत्र पुळुमावी याच्या १९ व्या वर्षाचा आहे. राजा बदलला की वर्षांची मोजणी नव्याने सुरू होते आणि जुन्या राजाचे वर्ष जणू अस्तित्वातच राहत नाही. महाभारताच्या शांतिपर्वात काळ राजाला घडवतो की राजा काळाला, या शंकेवर भीष्म युधिष्ठिराला निःसंदिग्धपणे सांगतात की राजाच काळाचे कारण आहे. तुमचा राजा हे वचन शब्दशः घेणारा असावा. आपल्या राज्याचे पंचेचाळिसावे वर्ष संपून शेहेचाळिसावे कधी उजाडूच नये, एवढीच त्याची इच्छा असावी. मला अमरत्वाच्या हव्यासापेक्षा ही इच्छा अधिक भयावह वाटते, कारण तिच्यात तो एकटा थांबत नाही, त्याच्या नावाने वर्ष मोजणारे सगळेच थांबतात.

त्याच उषवदाताच्या लेखात आणखी एक मोलाची गोष्ट आहे. त्याने भिक्षुसंघासाठी ३००० कार्षापणांची (त्या काळच्या नाण्यांची) कायमची ठेव ठेवली आणि ती रक्कम गोवर्धन येथील विणकरांच्या दोन श्रेणींकडे, म्हणजे व्यावसायिक संघांकडे, गुंतवली: २००० दरमहा शेकडा एक या व्याजाने आणि १००० दरमहा शेकडा पाऊण या व्याजाने. मूळ रकमेला कधीही हात लावायचा नाही, व्याजातून भिक्षूंच्या चीवरांचा (वस्त्रांचा) आणि इतर खर्च भागवायचा, अशी ती योजना. काळाला बांधून कामाला लावण्याचा इतका जुना आणि इतका व्यवहारी प्रयत्न गंगापूर रस्त्यावरच्या त्याच गोवर्धनात झाला, याचे मला फार अप्रूप वाटते. म्हणून मी असे सुचवीन की बुरूज काळ दान देत नाही, व्याजाने देतो. ज्याला आजारी आईसाठी शंभर दिवस हवे आहेत त्याला ते मिळतात, पण दर महिन्याला त्याच्या स्वतःच्या आयुष्यातला एक दिवस बुरुजाकडे जातो आणि मुद्दल जोवर फिटत नाही तोवर जातच राहतो. मुद्दल फेडायचे म्हणजे शंभर दिवस एकरकमी द्यायचे, आणि ते कोणाकडे शिल्लक असतात?

ब्रह्मगिरीकर (धागाकर्ता)

त्रिरश्मी, व्याजाची कल्पना मी कथेत घेत आहे आणि दरही तोच ठेवीत आहे. राजाच्या इच्छेविषयी तुम्ही जे लिहिले आहे त्याने कथेचे सूत्रच हाती लागले. घटिकापात्र यांनी सांगितलेल्या थंडीच्या घटिका सांभाळणारी एक रखवालदार स्त्री मला आता स्पष्ट दिसू लागली आहे. बुरुजात किती काळ नोंदीबाहेर साठला आहे, हे फक्त तिला ठाऊक आहे.

नभोवेध यांचा प्रतिसाद

ब्रह्मगिरीच्या माथ्याची निवड भौतिकशास्त्राच्या दृष्टीनेही अतिशय सार्थ आहे, हे मला नोंदवायचे आहे. सापेक्षतेच्या व्यापक सिद्धांतानुसार गुरुत्वाकर्षण जेथे प्रबळ असते तेथे काळ संथ चालतो, त्यामुळे डोंगरमाथ्यावरील घड्याळ पायथ्याच्या घड्याळापेक्षा किंचित वेगाने पुढे जाते. २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात जपानी शास्त्रज्ञांनी टोकियोच्या स्कायट्री मनोऱ्यात सुमारे ४५० मीटर उंचीच्या फरकाने दोन अतिसूक्ष्म प्रकाशीय घड्याळे ठेवून हा परिणाम प्रत्यक्ष मोजला. वरचे घड्याळ दिवसाला सुमारे चार नॅनोसेकंद (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग) पुढे जात होते. म्हणजे प्रत्येक उंच मनोरा काळात ढवळाढवळ करतोच, फक्त ती आपल्याला जाणवत नाही.

आता आपल्या डोंगराचा हिशेब करू. ब्रह्मगिरीची उंची सुमारे १३०० मीटर आणि नाशिक शहराची सुमारे ६०० मीटर, म्हणजे फरक ७०० मीटरांचा. त्यानुसार माथ्यावर दिवसाला साधारण साडेसहा नॅनोसेकंद अधिक काळ जातो आणि या गतीने एक पूर्ण सेकंद साठायला चार लाखांहून थोडी अधिक वर्षे लागतात. आपल्या परंपरेत कलियुगाची लांबी ४,३२,००० वर्षे सांगितली आहे. दोन्ही आकडे इतके जवळ यावेत हा निव्वळ योगायोग आहे, पण कथाकाराने तो वाया घालवू नये: ब्रह्मगिरीच्या माथ्यावर निसर्गतः एका कलियुगात एक सेकंद जास्त जमा होतो. राजाला जे आपोआप घडायला एक युग लागते ते एका रात्रीत घडवून आणायचे आहे.

येथे एक कोडे मात्र उभे राहते आणि ते तुम्हीच सोडवायला हवे. पुराणांतील ककुद्मी राजा आपल्या कन्येसाठी, रेवतीसाठी, वर विचारायला ब्रह्मलोकी गेला. तेथे क्षणभर थांबून परतला, तो पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून गेली होती. त्या कथेत वरचा काळ संथ आहे आणि खालचा वेगवान. प्रत्यक्षात डोंगरावर याच्या उलट घडते. बुरुजाच्या सातव्या मजल्यावर कोणता नियम लागू होतो, हे ठरवल्याशिवाय वर गेलेला माणूस म्हातारा होऊन परततो की तरुण, हे तुम्हाला लिहिता येणार नाही.

मेनरोड यांचा प्रतिसाद

धागा आवडीने वाचत आहे. एक छोटी सूचना करतो. गोदेला पूर आला की पाणी दुतोंड्या मारुतीच्या कितव्या अंगापर्यंत चढले यावरून नाशिककर पुराचा अंदाज बांधतात. बुरुजातून काळ सोडला की शहरात त्याची पातळी कळण्यासाठी लोकांची अशीच एखादी साधी खूण हवी. राजाचे अधिकारी काय घोषणा करतात याकडे लोक लक्ष देणार नाहीत. ते नदीवर जाऊन स्वतः पाहतील.

पैठणकर यांचा प्रतिसाद

मी मूळचा पैठणचा आणि आता नोकरीनिमित्त नाशिकरोडला राहतो, त्यामुळे धागाकर्त्यांच्या तिसऱ्या प्रश्नावर लिहिण्याचा मला थोडा अधिकार आहे, असे मानतो. वरच्या अंगाला गोष्ट अडवली की खालच्या अंगाला ती कमी पडते, हे गोदाकाठी कोणाला शिकवावे लागत नाही. गंगापूर आणि दारणा ही धरणे वर, पैठणच्या जायकवाडी धरणाचा नाथसागर खाली. टंचाईच्या वर्षी वरून किती पाणी सोडायचे यावरून नाशिक-नगर आणि मराठवाडा यांच्यात किती कटुता येते, ते आपण अनेकदा पाहिले आहे. २००५ मध्ये राज्याने जलसंपत्ती नियमन प्राधिकरणाचा कायदा केला आणि समन्यायी वाटपाचे तत्त्व त्यात आणले, तरीही प्रत्येक अवर्षणात तो प्रश्न नव्याने न्यायालयाच्या दारात उभा राहतो. तुमचा बुरूज गोदेच्या उगमाशी आहे. मग त्याची झळ कोणाला पोहोचते, हा प्रश्न उघडा ठेवण्याचे कारण नाही. ती पैठणला पोहोचते. आणि पैठण म्हणजे प्रतिष्ठान, सातवाहनांची राजधानी. वर नहपानासारखा राजा आणि खाली सातवाहन, मधे एकच नदी.

काळाची टंचाई कशी दिसेल, यावर मी बराच विचार केला. खालच्या लोकांची घड्याळे मंद होतील असे दाखवू नका, कारण त्यातून काहीच जाणवत नाही. आपल्या पंचांगात जी तिथी एकाही सूर्योदयाला असत नाही ती क्षयतिथी आणि जी दोन सूर्योदयांना असते ती वृद्धितिथी. चंद्राच्या गतीमुळे तिथीची लांबी साधारण १९ ते २६ तासांच्या दरम्यान बदलत असते, म्हणून हे प्रकार नेहमीच घडतात आणि त्यात अशुभ असे काही नाही. पण बुरूज सुरू झाल्यावर वर त्र्यंबकच्या पंचांगात वृद्धितिथी वाढत जाव्यात आणि खाली प्रतिष्ठानच्या पंचांगात क्षयतिथी. आधी एखादी चतुर्थी गळते, कोणी लक्ष देत नाही. मग एका पंधरवड्यातली एकादशीच येत नाही आणि म्हातारी माणसे अस्वस्थ होतात. मग ज्वारीला हुरड्यावर येण्याइतके दिवसच मिळत नाहीत. कणसे दिसतात, दाणा भरत नाही. गरोदर बायकांचे महिने भरत नाहीत. दुष्काळ काय असतो हे आमच्याकडे पिढ्यान्‌पिढ्या अनुभवलेले आहे, आणि ही टंचाई त्याच धाटणीने, हळूहळू आणि आधी गरिबांच्या घरात शिरली पाहिजे. कथेत हे एका परिच्छेदात उरकू नये, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

त्रिरश्मी यांचा प्रतिसाद

पैठणकरांच्या प्रतिसादाने माझ्या मनातील एक दुवा जुळला. नाशिक जिल्ह्यात जोगलटेंभी येथे १९०६ मध्ये नहपानाच्या चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा सापडला. त्यात १३ हजारांहून अधिक नाणी होती आणि त्यांपैकी ९ हजारांहून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्र सातकर्णीने आपला छाप पुन्हा मारलेला होता. नहपानाचा चेहरा अनेक नाण्यांवर त्या छापाखाली अजूनही ओळखू येतो. खालच्या राजाने वरच्या राजावर विजय मिळवल्यावर बुरूज पाडू नये. त्याने अडवलेल्या प्रत्येक दिवसावर आपला छाप मारावा. मात्र छाप मारला तरी तो दिवस मूळचा कोणाचा होता, हे त्यावर नीट पाहणाऱ्याला दिसत राहील.

नभोवेध यांचा प्रतिसाद

आणखी एक भर घालतो, कारण काळावरील सत्तेसाठी प्रत्येक वेळी दगडी बुरूज लागतोच असे नाही. १८८१ मध्ये मुंबई सरकारने शहरावर मद्रासची वेळ लादली, लोकांनी ती मनापासून स्वीकारली नाही आणि १८८३ मध्ये सरकारला माघार घ्यावी लागली. पुढे १९०६ पासून ८२.५ पूर्व रेखांशावर आधारलेली भारतीय प्रमाणवेळ आली. तरीही ३९ मिनिटे मागे असलेली मुंबईची जुनी वेळ शहरात काही ठिकाणी १९५५ पर्यंत टिकून राहिली. नाशिकचा रेखांश सुमारे ७३.८ असल्याने आपली स्थानिक वेळ प्रमाणवेळेपेक्षा जवळपास ३५ मिनिटे मागे आहे. रामकुंडावर सूर्य सरासरीने दुपारी १२ वाजून ३५ मिनिटांनी माथ्यावर येतो, फेब्रुवारीत त्याहून उशिरा आणि नोव्हेंबरमध्ये त्याहून लवकर. ही ३५ मिनिटे रोज आपल्या सावल्यांमध्ये दिसतात आणि घड्याळात दिसत नाहीत. कथेतील नाशिककरांनी बुरुजाची वेळ न मानता सावलीची वेळ पाळण्याचा हट्ट धरला, तर त्या प्रतिकाराला प्रत्यक्षातला आधार आहे, एवढेच मला सुचवायचे आहे.

ब्रह्मगिरीकर (धागाकर्ता)

आपण सर्वांनी इतक्या आस्थेने लिहिल्यामुळे बरेच काही ठरले आहे. नभोवेध यांच्या कोड्याचे उत्तर मी पैठणकरांच्या पंचांगात शोधले. खालच्या मजल्यांवर डोंगराचा नियम चालतो, म्हणजे वर जाल तसा काळ अधिक जातो आणि रखवालदार पायऱ्या चढता चढता झिजतात. सातव्या मजल्यावर मात्र अडवलेला काळ साठलेला आहे आणि साठलेला काळ वाहत नाही, म्हणून तेथे ककुद्मीचा नियम लागू होतो. तेथपर्यंत पोहोचेपर्यंत माणूस म्हातारा होतो आणि पोहोचल्यावर तसाच राहतो. राजाला हे बुरूज बांधून झाल्यावर कळते. त्याला पंचेचाळिसावे वर्ष राखायचे असेल, तर त्या वर्षाच्या अखेरच्या दिवशीचे वार्धक्य कायमचे पत्करावे लागेल.

खालची टंचाई मी विस्ताराने लिहीन, हा शब्द पैठणकरांना देतो. कथेची सुरुवातही आता ब्रह्मगिरीवर होणार नाही. ती प्रतिष्ठानात, हरवलेल्या एकादशीच्या दिवशी होईल. एक प्रश्न तेवढा उरतो. सातव्या मजल्याचे दार केव्हा उघडावे? रामकुंडावरील गंगा-गोदावरी मंदिराची दारे बारा वर्षांतून एकदा सिंहस्थातच उघडतात, म्हणून बुरुजाचे दारही बारा वर्षांनी उघडावे, असे मनात आहे.

घटिकापात्र यांचा प्रतिसाद

दार सिंहस्थालाच उघडावे, पण बारा वर्षांचा आकडा डोळे झाकून घेऊ नका. सिंहस्थ गुरू सिंह राशीत आल्यावर भरतो आणि गुरूची सूर्याभोवतीची एक फेरी ११.८६ वर्षांची आहे. प्रत्येक फेरीत बारा वर्षांना थोडे कमी पडते आणि सात फेऱ्यांत ती तूट जवळजवळ एक वर्षाची होते, म्हणजे सात फेऱ्यांना ८४ ऐवजी ८३ वर्षे लागतात. त्यामुळे अधूनमधून एक सिंहस्थ अकराव्या वर्षीच येतो.

राजाचे अधिकारी बारा मोजतात आणि आकाशात गुरू आपल्या गतीने चालतो. बहुतेक वेळा दोन्ही जुळतात, म्हणून कोणाला शंका येत नाही. ज्या फेरीत ते जुळत नाहीत, त्या वेळी दार अकराव्या वर्षी उघडेल आणि पहाऱ्यावर कोणीही नसेल, कारण फौज पुढच्या वर्षी यायची असेल. तुमच्या रखवालदार स्त्रीने थंडीच्या घटिकांचा हिशेब ठेवला आहेच. तिने गुरूचाही ठेवलेला असावा आणि प्रतिष्ठानला निरोप पाठवण्यासाठी तिच्याकडे बरोबर एक वर्ष असावे. निरोप नदीतून जाईल की पायी, हे तुम्ही ठरवा. पायीच जावा असे मला वाटते, कारण नदीतून जाणारी प्रत्येक गोष्ट वरच्या माणसाला अडवता येते.

ब्रह्मगिरीकर (धागाकर्ता)

पायीच जाईल. निरोप्या त्र्यंबकहून निघून नाशिक, निफाड, कोपरगाव करीत काठाकाठाने उतरेल आणि प्रत्येक मुक्कामी त्याला तिथी एकेका दिवसाने कमी झालेली आढळेल. पहिले प्रकरण पूर्ण झाले की याच धाग्यावर देतो. तोवर कोणाकडे जुन्या गोदाकाठच्या पायवाटांची आणि मुक्कामांची माहिती असेल, तर ती येथे अवश्य लिहावी.